विश्वासरावांना गोळी लागली नसती तर खरंच सगळं बदललं असतं का?

घाटाखालचा
जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही विज्ञानकथा परवा परत वाचली. ज्यांनी वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांना ट्रकची धडक बसते आणि ते वेगळ्याच जगात जातात. तिथे पानिपत मराठ्यांनी जिंकलंय कारण गोळी पेशव्यांच्या थोरल्या मुलाच्या, विश्वासरावांच्या कानाजवळून निघून गेली, तिळभराच्या फरकाने जीव वाचला. पुढे मराठे देशभर पसरले आणि कंपनी सरकारकडे उरली फक्त मुंबई, तीसुद्धा 2001 पर्यंतच्या भाडेपट्ट्यावर. शेवटी पंत परत येतात तेव्हा खिशात तिथल्या बखरीचं फाटलेलं पान असतं.
कथा माझी प्रचंड लाडकी आहे पण मूळ मुद्दा मला पटत नाही. ऑक्टोबर 1760 मध्ये आपण पानिपताच्या उत्तरेचं कुंजपुरा जिंकलं, त्यानंतर अफगाणांचा बादशहा अब्दाली यमुना ओलांडून आपल्या आणि दिल्लीच्या मधे आला आणि आपली वाट बंद झाली. दोन अडीच महिने छावणी अडकून पडली, डिसेंबरात रसद पुरवणारे गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसद संपली, माणसं जनावरं उपाशी. 14 जानेवारी 1761 ला बाहेर पडले ते उपाशी मरण्यापेक्षा लढून मरू म्हणून. अशा फौजेचं एका गोळीने काय होणार होतं? हरण्याची कारणं तीन महिने आधीपासून साचत होती आणि आपण अजूनही त्या एका गोळीलाच धरून बसलोय.

तोफखाना
साफ चूक. उपाशी फौज होती हे मान्य पण त्या दिवशी दुपारपर्यंत कोण भारी पडत होतं ते पण सांगा ना! आपल्या तोफखान्याच्या इब्राहिमखान गारद्याने अब्दालीकडच्या रोहिल्यांची फळी कापून काढली होती, मधे आपले सेनापती सदाशिवरावभाऊंनी अब्दालीच्या शहावलीखान वजिराला मागे रेटलं होतं, पळणारे अफगाण अब्दालीला जबरदस्तीने परत पाठवावे लागत होते. विश्वासराव पडले, भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले, लांबून फौजेला अंबारी रिकामी दिसली आणि धीर सुटला. तेव्हाच्या लढाईत सरदार दिसत नाही म्हणजे लढाई संपली, हे फक्त पानिपतातच नाही झालेलं. आपल्याकडे 'विश्वास गेला पानिपतात' हे काय उगाच म्हणतात?

घाटाखालचा
@तोफखाना, दुपारी अब्दालीने राखीव घोडदळ आत घातलं. त्याची राखीव फौज ताजीतवानी होती, आपल्याकडे राखीव काही नव्हतंच. 18 वर्षांचा विश्वासराव जिवंत राहिला असता तर ती फौज आली नसती का?

मोडीवाचक
दोघेही लढाईतच अडकलाय, मला तर नंतरचं जास्त महत्त्वाचं वाटतं. समजा जिंकलो, तरी इंग्रजांना बंगाल 1757 च्या प्लासीनंतरच मिळाला होता की, म्हणजे पानिपताच्या आधी. मग ते एकट्या मुंबईपुरते कसे उरले? कथेतला हा भाग मला सगळ्यात कच्चा वाटतो.

तोफखाना
@मोडीवाचक, प्लासीने नवाब खिशात आला, महसुलाचा हक्क नाही. तो हक्क म्हणजे दिवाणी मिळाली 1765 ला, बक्सरच्या लढाईनंतर, ती पण मुघल बादशहा शहाआलमकडून कारण बादशहाला दुसरं कोणी वाली नव्हतं. दिल्लीत तेव्हा मराठे पाय रोवून बसलेले असते तर बादशहाने ती सही केली असती का? मराठे परत दिल्लीत आले 1771 ला, महादजी शिंद्यांच्या वेळी. मधली दहा वर्षं मोकळी मिळाली आणि तेवढ्यात कंपनीचं बस्तान बसलं. पानिपताचा टिकलेला परिणाम म्हणायचा तर ही दहा वर्षं.

मोडीवाचक
हा मुद्दा खरंच चांगला आहे, मी दिवाणीचा विचारच केला नव्हता. पण मग विश्वासरावांपेक्षा त्यांचा धाकटा भाऊ माधवराव मोठा प्रश्न नाही का? 1761 ला 16 वर्षांचा पोरगा गादीवर बसला, त्याने अकरा वर्षांत सगळं सावरलं आणि 1772 ला थेऊरला क्षयाने गेला, वय 27. अजून वीस वर्षं मिळाली असती तर... गोळी चुकण्यापेक्षा मला तो वेगळा रस्ता जास्त खरा वाटतो.

घाटाखालचा
अगदी हेच म्हणायचंय मला! विश्वासराव जगले असते तर माधवराव पेशवे झालेच नसते. म्हणजे त्या दुसऱ्या जगाने आपला सगळ्यात कर्तबगार पेशवा गमावला, हे कोणी मोजत नाही.

फिजिक्सवाला
विज्ञानाच्या बाजूने थोडं. इलेक्ट्रॉन कुठे सापडेल ते नक्की सांगता येत नाही, ती अनिश्चितता कथेत बंदुकीच्या गोळीला तशीच्या तशी लावलीय ते मला पटत नाही, गोळी फार मोठी वस्तू आहे. तरीपण कथेत कॅटॅस्ट्रॉफी थिअरी आणलीय ती जागा बरोबर आहे. काठावर आलेली गोष्ट बारीकशा धक्क्याने पण या बाजूला नाहीतर त्या बाजूला पडते. फौज काठावर होती का एवढाच प्रश्न, आणि त्यासाठी तीन महिन्यांची उपासमार पण हिशोबात धरावीच लागेल. म्हणजे तुम्ही दोघं एकाच गोष्टीचे दोन तुकडे धरून भांडताय.

तोफखाना
तुकडे नाहीत हो. उपासमारीने काठावर आणलं, मान्य. ढकललं गोळीने. मी यावरून हलणार नाही.

अकरावीची बाई
मी ही कथा इंग्रजीत शिकवते, अकरावीच्या पुस्तकात आहे. एवढा वेळ वाचत होते कारण तुम्ही सगळे पेशव्यांबद्दल बोलताय आणि पंतांबद्दल कोणीच नाही. परत आल्यावर त्यांनी पानिपतावरच्या परिसंवादाचं अध्यक्षपद नाकारलं. आधी 999 सभांचे अध्यक्ष झालेला माणूस, हजाराव्या वेळी त्या दुसऱ्या जगातल्या आझाद मैदानावर रिकाम्या खुर्चीत जाऊन बसला तर लोकांनी अंडी टोमॅटो मारले, आणि नंतर पुन्हा त्या खुर्चीत बसायचंच नाही म्हणाला. दोन दिवसांचा अनुभव, पण माणूस कायमचा बदलला. मला तरी टिकलेला परिणाम हाच वाटतो.
आणि एक. यंदा एका मुलीने विचारलं, मॅडम, पान तर सरांच्या खिशात आलं, मग तिकडच्या बखरीत काय राहिलं? मी उत्तर देऊ शकले नाही. ज्या जगात विश्वासराव वाचले त्या जगातल्या बखरीत ते वाचल्याचंच पान नाही. उद्या तिकडे कोणाला ती बखर मैदानात पडलेली सापडली, तर तिकडचे लोकपण असेच भांडत बसतील, विश्वासराव खरंच वाचले होते का म्हणून.

घाटाखालचा
ताई, त्या मुलीला माझा नमस्कार सांगा. हे इतक्या वेळा वाचूनसुद्धा माझ्या डोक्यात आलं नव्हतं.