अवकाळ : काळ लहरी असलेला अवकाशाचा पट्टा कथेत कसा बसवू?

लंबक :
नमस्कार मंडळी. दोन वर्षांपासून एक दीर्घकथा लिहिते आहे आणि सातव्या प्रकरणात अडकले आहे. कथेत अवकाशाचा एक पट्टा आहे, त्याला मी 'अवकाळ' म्हणते. अवकाळी पाऊस कधी येईल सांगता येत नाही, तसा तिथला काळ. दोन बहिणी तिथे जातात. आधी धाकटी आत तीन दिवस राहते, बाहेर अकरा वर्षं उलटतात. सातव्या प्रकरणात उलटं होतं : थोरली दुपारी आत जाते आणि संध्याकाळी परत येते ती पिकल्या केसांनी.

मी घड्याळं दुरुस्त करते. चावीचं घड्याळ एकदम पुढे धावायला लागलं की बहुतेक वेळा हेअरस्प्रिंगला, म्हणजे घड्याळाची चाल सांभाळणाऱ्या केसासारख्या बारीक स्प्रिंगला, चुंबकत्व लागलेलं असतं, तिची वेटोळी एकमेकांना चिकटलेली दिसतात. म्हणजे बिघाडालाही कारण असतं. माझ्या अवकाळाला कारणच नाही. मला सोयीचं असेल तेव्हा काळ धावतो, नको तेव्हा थांबतो. परत वाचताना माझाच त्यावर विश्वास बसत नाही. आणि आतल्या माणसाला नेमकं काय जाणवेल?

खगोलवेडा :
ताई, आतल्या माणसाला काळाचा फरक जाणवणारच नाही. तिचं घड्याळ, नाडी, भूक, सगळं एकमेकांशी जुळूनच चालेल. फरक कळेल तो बाहेरच्यांशी ताळा केल्यावर.

कारण हवं असेल तर गुरुत्वाकर्षण घ्या. जड वस्तूजवळ काळ मंद चालतो, हे मोजलेलं आहे. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं वेगाचा परिणाम वजा करूनही दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे जाऊ पाहतात, ते सावरून घ्यावं लागतं. तुम्ही ८० वर्षं उभ्या राहिलात तर तुमचं डोकं पायांपेक्षा सुमारे अर्धा मायक्रोसेकंद जास्त जगेल. हा इवलासा फरक आणि तुमचं वजन या दोन वेगळ्या गोष्टी नाहीत. जिकडे काळ मंद, तिकडे वस्तू पडते. म्हणून चार पावलांवर काळ निम्मा झाला असं लिहिलंत, तर त्या चार पावलांत कुठलंही यान तग धरणार नाही. पृथ्वीवर असतं तेवढंच वजन ठेवून काळ निम्म्यावर आणायचा तर अवकाळाची कड सुमारे दोन तृतीयांश प्रकाशवर्ष रुंद लागेल.

लहरीपणासाठी एकमेकांभोवती फिरणारी तीन कृष्णविवरं घ्या. नियम पक्के, पण तिघांच्या फिरण्याचा लांबचा अंदाज बांधता येत नाही. सुरुवातीच्या मापात केसभर चूक राहिली तरी ती वाढत जाते, हवामानाचं होतं तसंच. तुमचं नाव त्याला चपखल बसतं.

अकरा वर्षं मात्र फार झाली. स्वतःभोवती न फिरणाऱ्या कृष्णविवराच्या सगळ्यात आतल्या स्थिर कक्षेत, बाहेरच्या एका तासात आत ४२ मिनिटं होतात. आणि सातवं प्रकरण यात बसत नाही. गुरुत्वाकर्षण काळाला दूरच्या माणसापेक्षा मंदच करतं, वेगवान करत नाही.

मंद्रसप्तक :
मला भौतिकशास्त्र कळत नाही, गाणं कळतं. दोन्ही यानांतून एकेक स्वर सतत पाठवत राहा ना. धाकटीचा काळ निम्म्यावर आला की तिचा मध्य सप्तकातला सा बाहेर मंद्रात ऐकू येईल, आणि थोरलीचा तोच सा तिला आत तारसप्तकात. थोरली कानानेच ओळखेल, बहीण किती खोल गेली ते. मला तरी हे अकरा वर्षांपेक्षा जास्त भिडतं.

लंबक :
सा घेतला! आणि अकरा वर्षं काढली. पण सातवं प्रकरण सोडवत नाही. आईच्या आजारपणात माझी थोरली बहीण चार वर्षं तिच्या उशाशी होती, मी लांब होते. परत आले तेव्हा दार तिनेच उघडलं, आणि क्षणभर मला वाटलं मावशी आली आहे. आमच्यात अंतर दोन वर्षांचं. मला ते दार लिहायचं आहे.

खगोलवेडा :
मग तेवढा एक नियम मोडा, पण त्याची किंमत कथेत चुकती करा. काळ वेगवान असलेली जागा वस्तूला बाहेर ढकलेल, मंद काळाच्या बरोबर उलट. मधोमध तोल साधेल, पण टेकडीच्या माथ्यावर ठेवलेल्या गोटीसारखा. जराशी कलली की गेली. तिथे राहायचं तर थोरलीला पुन्हा पुन्हा इंजिन चालवून यान माथ्यावर आणत राहावं लागेल. वर्षानुवर्षं.

लंबक :
काल रात्री प्रकरण पहिल्या ओळीपासून लिहायला घेतलं. थोरली झोपेतून उठूनही इंजिन चालवते, इतकी सवय की डोळे उघडायच्या आधी हात खटक्यावर. बाहेर धाकटी तिचा सा ऐकते आहे. तो तारसप्तकाच्या वर चढतो, शिट्टीसारखा बारीक होतो आणि कानाच्या पलीकडे जातो. मग ती यंत्रावरचा आकडा बघत बसते.

एक विचारायचं राहिलं. थोरलीने इंजिन बंद केलं की ती बाहेर फेकली जाईल, आणि वेग भलताच असणार. तिला गाठायचं तर धाकटीने आपलं यान आधीच त्याच दिशेने पळवत ठेवायला हवं ना? पण ती कुठल्या बाजूने बाहेर पडेल, हे धाकटीला कशावरून कळेल?