धारवाडच्या मुलाशी फोनवर कानडीत गोड कसं बोलायचं?

मिरजेची_मी: साखरपुडा झालाय, लग्न दिवाळीनंतर. आमच्या घरात जतची आजी सोडली तर कानडी कुणालाच येत नाही. तो धारवाडचा, नोकरी बंगळुरात. रोज रात्री जेवणं झाली की फोन येतो. आम्ही हिंदीत बोलतो आणि दोघांचीही हिंदी बेताची, त्यामुळे धड भांडणसुद्धा होत नाही. म्हणून व्हिडिओ बघून कानडी शिकायला घेतलं. काल म्हटलं, "ऊट आय्ता, चिन्ना?" (जेवण झालं का, सोन्या?) तर हसत सुटला. म्हणे, मालिकेतली हिरॉईन वाटतेस. त्याची वहिनी दादाला नुसतं "री" म्हणते, म्हणजे आपलं "अहो". मीही तेच म्हणू का? मला ते फार पन्नाशीतलं वाटतं. "मनापासून बोल" वगैरे सल्ले नकोत, वाक्यं द्या.

बेळगावची_सून: हसणारच गं! तू शिकलीस ती बंगळूर-म्हैसूरकडची कानडी. आमच्याकडे "ऊटा आतेन?" आणि मान द्यायचा तर "ऊटा आतेन्री?" पन्नाशीचं म्हणशील तर धारवाडात भाजीवालीपासून बँकेतल्या साहेबापर्यंत सगळ्यांनाच "री" लागतं. आमच्या घरी चारचौघांत "री", खोलीचं दार लावलं की "नी", म्हणजे तू. लग्न ठरल्यावर फोनवरही तसंच. मी "री" म्हटलं की यांना कळायचं, शेजारी कुणीतरी मोठं माणूस बसलंय.

हेब्बाळकर: माझी बायको म्हैसूरची. तिकडे मुली सरळ "हौदु कणो" (हो रे) म्हणतात, आपण पुरुषांनी "कणे" (गं) म्हणायचं. चिन्ना, बंगारा (दोन्ही म्हणजे सोनं) सर्रास चालतं, त्यात हसण्यासारखं काही नाही. (धारवाडकरांना आमची कानडी मिळमिळीत वाटते, ते सोडा.) आणि तो "मत्ते?" (आणखी काय?) म्हणाला तर बोलणं संपलं असं समजू नका. आमचं निम्मं लग्नाआधीचं बोलणं त्यावरच झालं: "मत्ते?" "एनिल्ला" (काही नाही). "मत्ते?" "नीने हेळु" (तूच सांग). मग "इडला?" म्हणजे फोन ठेवू का, आणि "नीने इडु" म्हणजे तूच ठेव. ठेवत कुणीच नाही.

निवृत्त_मास्तर: तो धारवाडचा असेल तर त्याच्याकडून कवी द. रा. बेंद्रे वाचून घ्या. घरची भाषा मराठी, कविता मात्र धारवाडी कानडीत, आणि 1973 चं ज्ञानपीठ. धारवाडातच, साधनकेरीत राहायचे. त्यांच्या प्रेमकवितांत नवराबायको ज्या भाषेत बोलतात ती अजून तिथल्या घरांत ऐकू येते. प्रत्येक ओळीचा अर्थ विचारत बसा, रात्र पुरणार नाही.

मिरजेची_मी: आत्ताच म्हटलं, "ऊटा आतेन्री?" एकदम गप्प. मग हळूच विचारतो, "बाजूमें कौन बैठा है?"