प्रतिसाद: पगार वाढवला की सिस्टर टिकतात?

पगार वाढवला की सिस्टर टिकतात असं वर म्हटलंय, पगार हवाच, पण माझ्या १४ वर्षांच्या ड्युटीत आपली काळजी घेतली जातेय असं वाटलं ते फार साध्या गोष्टींनी. आधीच्या हॉस्पिटलात नाईटला ४० पेशंटना आम्ही दोघी, नर्सिंग कौन्सिलच्या नॉर्मप्रमाणे जनरल वॉर्डात ५ पेशंटमागे १ सिस्टर हवी, टीचिंग हॉस्पिटल असेल तर ३ मागे १. तिथे एका पेशंटचा नातेवाईक अंगावर धावून आला आणि सकाळी मलाच विचारलं, तुम्ही काय बोललात? त्या दिवशी मन उडालं ते उडालंच.

आताच्या ठिकाणी असंच झालं तेव्हा मेट्रन मॅडम (सगळ्या सिस्टरांच्या प्रमुख) स्वतः वॉर्डात आल्या, नातेवाईकाशी त्या बोलल्या, मला म्हणाल्या आधी चहा घे, रिपोर्ट नंतर लिहू. रोस्टर महिना आधी लागतं, लेकीच्या परीक्षेला मागितलेला ऑफ मिळतो, नाईटला झोपायला कडी लागणारी खोली आहे (मुंबईच्या केईएम हॉस्पिटलात १९७३ साली अरुणा शानबाग या सिस्टरवर वॉर्डबॉयने अत्याचार केला तो ड्युटीनंतर तळघरात कपडे बदलताना, म्हणून ही कडी मला फार मोठी वाटते). १२ मेला, नर्स दिनाला, गुलाब दोन्हीकडे मिळायचं, पण मी टिकलेय ती इथे.