राइट-क्लिकचा मेन्यू बदलावा की आहे तसाच ठेवावा?

फोंडा_डीटीपी
लिब्रेऑफिस रायटर या मजकूर टाइप करायच्या सॉफ्टवेअरमधला राइट-क्लिकचा मेन्यू बदलता येतो आणि रोज टायपिंग करणाऱ्या प्रत्येकाने तो बदलावाच, असं माझं ठाम मत आहे. आमच्याकडे जत्रेच्या पत्रिकांचा मजकूर ईमेलवर येतो. पेस्ट केला की पाठवणाऱ्याचा फॉण्ट आणि रंगही सोबत येतो. नुसता मजकूर घ्यायची सोय 'पेस्ट स्पेशल'च्या पोटात. दिवसभर तिथे का शिरायचं? टूल्स, कस्टमाइझ, कॉन्टेक्स्ट मेन्यूज उघडून ती मी सगळ्यात वर आणली आणि कधीच न लागणारं काढून टाकलं.

मडगाव_पीसी_दुरुस्ती
ताई, नका काढू. एका दुकानात तीन मुलं एकच पीसी वापरतात. एकाने मेन्यूतून 'पॅरेग्राफ' उडवलं होतं. नवी मुलगी रडकुंडीला आली आणि मी फोनवर "राइट-क्लिक कर, दिसेल" हेच सांगत बसलो. कंट्रोल-ऑल्ट-शिफ्ट-व्ही शिका, नुसता मजकूर येतो. मेन्यूला हात लावायची गरजच नाही.

फोंडा_डीटीपी
उजवा हात माउसवर असताना चार कळा दाबायच्या कशा? माझे सासरे छापखान्यात खिळे, म्हणजे छपाईची धातूची अक्षरं, जुळवायचे. सारखी लागणारी अक्षरं खिळ्यांच्या पेटीत (तिला 'केस' म्हणत) हाताजवळच्या खणांत असायची. मी तेच करतेय.

मडगाव_पीसी_दुरुस्ती
पण ते खण रोज कोणी हलवत नसे! दुसऱ्या पाळीचा जुळारी आला तरी 'क' जागच्या जागी सापडायचा. माझं म्हणणं तेवढंच आहे.

डिचोली_टायपिस्ट
हे बदल ज्याच्या त्याच्या युजर प्रोफाइलमध्ये राहतात. तीन मुलांना विंडोजची तीन लॉगिन द्या, भांडण मिटलं. ताई, एक मात्र लक्षात ठेवा. शब्दकोशात नसलेल्या नावाखाली लाल रेघ येते आणि त्यावर राइट-क्लिक केलं तर पर्यायी शब्दांचा वेगळाच मेन्यू उघडतो. लईराई, म्हाळसा, रवळनाथ अशी देवदेवतांची नावं टाइप करताना मला हे सारखं भोवतं. तिथे शॉर्टकटच बरा.

मडगाव_पीसी_दुरुस्ती
वेगळ्या लॉगिनचं पटलं, त्या दुकानात करून देतो. तरी वर काय हवं ते घाला, काढू मात्र नका.

फोंडा_डीटीपी
लाल रेघेचं खरं आहे, मला वाटायचं सेटिंगच गेलं. पण काढण्यावर मी ठाम आहे. यादी लांबली की नको तिथे क्लिक पडतो. कस्टमाइझमध्येच 'रीसेट' आहे, दाबलं की सगळं मूळच्यासारखं.