पाणथळ, खाजण, खार, दलदल: नेमकं काय लिहायचं?

प्रश्न: खाडीकाठी रस्त्यासाठी भराव पडतोय, त्याविरुद्ध निवेदन लिहितोय. ‘वेटलँड’ला ‘पाणथळ’ लिहू की ‘दलदल’? शेजारचे काका म्हणतात, दोन्ही एकच.

उरणकर: काकांना नमस्कार सांगा, पण एकच नाही. भरतीचं पाणी आत-बाहेर करतं, तिवरं (खाऱ्या पाण्यातली झाडं, मॅन्ग्रोव्ह) वाढतात ती जमीन खाजण. तिला बांध घालून भरती अडवली, पावसाने मीठ धुऊन भात पिकवला, की तीच खार. आतलं जादा पाणी सोडायला बांधात दार, ती उघाडी. दलदल म्हणजे नुसता पाय रुतणारा चिखल, त्यात ‘राजकारणाची दलदल’ डोक्यात बसलेली. तो शब्द लिहाल तर साहेबांना भराव म्हणजे सुधारणाच वाटेल.

फोंड्याहून: गोव्यात मात्र बांध घातलेल्या शेतीलाच खाजन म्हणतात, दार असतं ती मानस. तुमच्या उलट!

उरणकर: हो, म्हणूनच निवेदनात नुसतं ‘खाजण’ लिहून सोडू नका.

नेरूळकर: आमच्याकडे नवी मुंबईत तिसराच घोळ. भरतीत झडपा बंद, पावसाचं पाणी आत थांबायचं, ओहोटीला बाहेर, यासाठी धारण तलाव बांधले. कागदावर ते निचऱ्याची सोय. पण भरतीत खाडीचा चिखल बुडाला की रोहित पक्षी नेरूळ-सीवूड्सच्या तळ्यांत येऊन उभे राहतात. ठाणे खाडीला 2022 मध्ये रामसर दर्जा (पाणथळ जागांच्या जागतिक करारातली नोंद) मिळाला, ही तळी मात्र खाडीतल्या फ्लेमिंगो अभयारण्याच्या हद्दीबाहेर.

प्रश्नकर्ता: मग सगळ्यालाच ‘पाणथळ’ लिहितो.

कायदेवाला: सांभाळून. रामसरच्या व्याख्येत सगळंच बसतं, अगदी ओहोटीला सहा मीटरपर्यंत खोल समुद्रही. आपल्या 2017 च्या पाणथळ नियमांनी मात्र नदीचं पात्र, भातखाचरं, आणि पिण्याचं पाणी, सिंचन, मीठ, मत्स्यशेती, करमणूक यांसाठी मुद्दाम बांधलेले जलाशय वगळलेत. शिवाय सीआरझेडमधल्या (किनारा नियमन क्षेत्रातल्या) जागांना ते नियम लागूच नाहीत, तिथे सीआरझेडचाच आधार घ्यावा लागतो. त्यामुळे खाडीकाठचं मिठागर पाणथळ म्हणून वाचवायला गेलात तर पहिल्याच सुनावणीत अडकाल. तिवरं असतील तर ‘कांदळवन’ (तिवरांचं रान) हा शब्द ठळक येऊ द्या.

सांगलीकर: आमचं ‘चिबड’ चालेल का?

उरणकर: नको हो. ते उसाला पाणी जास्त होऊन बिघडलेलं रान, इथे उगाच गोंधळ होईल.

प्रश्नकर्ता: ‘पाणथळं’ असं अनेकवचन?

उरणकर: बोलताना बिनधास्त. निवेदनात ‘पाणथळ जागा’, सोबत गावातलं नाव आणि सर्व्हे नंबर. नंबर विसरलात तर बाकीची चर्चा फुकट.