चेहरा नाही, वागणं बघायला शिकवा

शाळेच्या गेटवरच्या गार्ड लोकांना संशयित चेहरे ओळखायचं ट्रेनिंग द्या असं काहीजण सुचवतात, ते मला अजिबात पटत नाही. अमेरिकेच्या सीक्रेट सर्व्हिसचं थ्रेट असेसमेंट सेंटर १९९८ पासून हल्ल्याचा धोका आधीच ओळखायचं काम करतंय आणि ते स्पष्ट सांगतात की हल्लेखोराचा असा ठराविक साचा नसतोच, बघायचं ते वागणं. कुणावर डूख धरून बसलाय का, कुणाजवळ काही बोलून गेलाय का, हत्यार मिळवायच्या मागे आहे का.

आणि नुसतं ओळखून काय उपयोग? अमेरिकेत फ्लोरिडातल्या पार्कलँडच्या शाळेत १४ फेब्रुवारी २०१८ ला गोळीबारात १७ जणांचा जीव गेला. त्याआधी ५ जानेवारीला हल्ला करणाऱ्या मुलाला जवळून ओळखणाऱ्या व्यक्तीने एफबीआयच्या टिपलाइनला (लोकांनी खबर द्यायच्या फोन नंबरवर) फोन करून सगळं सांगितलं होतं, बंदुका आहेत, माणसं मारायची भाषा करतोय, शाळेत गोळीबार करेल अशी भीती वाटते, आणि एवढं होऊनही ती माहिती एफबीआयच्या तिथल्या, म्हणजे मायामीच्या ऑफिसला पुढे गेलीच नाही! इतका संताप येतो हे वाचताना.

म्हणून ट्रेनिंगमध्ये रिपोर्ट कसा लिहायचा यावर वेळ घालवा. ‘तो विचित्र वाटतो’ असं लिहून काही होत नाही, नेमके शब्द काय होते, कोणी ऐकले, कधी, कुणाचं नाव घेतलं ते हवं. सेंटरच्या २०२१ च्या अहवालात शाळांवरचे ६७ फसलेले कट आहेत, त्यातले बरेचसे बरोबरच्या मुलांनीच वेळेवर सांगितल्यामुळे उघडकीला आले. ती पोरं गेटवरच्या काकांशी बोलतील का, हे आधी बघा.