मूकपटातली माणसं पळताना दिसतात, वेग कसा सुधारायचा?

गिरगावकर_७: गणेशोत्सवात चाळीच्या पटांगणात फाळक्यांचे ‘कालियामर्दन’ (१९१९) आणि ‘राजा हरिश्चंद्र’चा शिल्लक भाग दाखवायचाय, सोबत पेटी-तबला. आमच्याकडच्या प्रतीत सगळे लगबगीने पळतात. ‘हरिश्चंद्र’ची लांबी कुठे ४० मिनिटं देतात, कुठे तासभर. खरं काय धरायचं?

रिळं_आणि_गिरणी: दोन्ही खरं, फरक वेगाचा. ३५ मिमीच्या फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम, म्हणजे १६ स्थिर चित्रं. ‘हरिश्चंद्र’ मूळ सुमारे ३,७०० फूट. सेकंदाला १६ फ्रेमनी दाखवला तर ३,७०० सेकंद, म्हणजे ६२ मिनिटं. बोलपटाच्या २४ ने ४१. तुमची प्रत २४ वर पळतेय. एडिटिंगमध्ये वेग ६७ टक्क्यांवर आणा. त्याआधी एकेक फ्रेम सरकवून बघा: दर तीन फ्रेममागे एक फ्रेम दोनदा येत असेल, तर वेग आधीच सुधारलेला आहे, हात लावू नका.

१६ वरही अडून बसू नका. कॅमेरा हाताने फिरवायचे, साधारण एका फेरीला ८ फ्रेम, त्यामुळे वेग कमीजास्त व्हायचाच. माणसांची चाल आणि पाण्याची हालचाल बघून प्रत्येक दृश्याचा वेग ठरवा.

दादर_टीटी: वेग कमी करताना एडिटिंग सॉफ्टवेअरमधले ‘ऑप्टिकल फ्लो’ आणि ‘फ्रेम ब्लेंडिंग’ हे दोन्ही पर्याय बंद ठेवा. देव प्रकट होण्याची युक्ती अशी असायची: कॅमेरा थांबवायचा, बाकीच्यांनी जागच्या जागी स्तब्ध राहायचं, देव येऊन उभा राहिला की पुन्हा फिरवायचा. दोन फ्रेमच्या सांध्यावर ही सगळी जादू. ऑप्टिकल फ्लो तिथे मधल्या फ्रेम स्वतःच तयार करतो आणि देव हवेत विरघळल्यासारखा आकार घेतो. ब्लेंडिंग शेजारच्या फ्रेम एकमेकांत मिसळतं, त्याने नुसती भुतं दिसतात. ‘फ्रेम सॅम्पलिंग’ने, म्हणजे आहे तीच फ्रेम पुन्हा दाखवण्याने, किंचित धक्के जाणवतील, ते चालतील.

चित्र ४:३ आहे. पडदा भरायला ताणलंत तर माणसं बुटकी दिसतील, कापलंत तर मुकुट उडतील. बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्या.

जुनं_पोस्टर: फलकावर ‘हरिश्चंद्र’ला ‘१९१३ ची मूळ प्रत’ लिहू नका. शिल्लक रिळं १९१७ च्या नव्या आवृत्तीची असल्याचं काही अभ्यासकांचं मत आहे. चित्रपट ३ मे १९१३ ला कोरोनेशन थिएटरमध्ये लागला, तेही गिरगावातच, एवढं जरूर लिहा.

‘कालियामर्दन’च्या सुरुवातीला मंदाकिनी फाळके, दादासाहेबांची लेक आणि यातला कृष्ण, नुसत्या चेहऱ्याने एकेक भाव दाखवते. तिथे तबला नको, पेटीचे सूर पुरे. ठेका धरला की लोक चेहरा सोडून तालाकडे जातात. दृश्यांमधल्या मजकुराच्या पाट्या मराठीत मोठ्याने वाचायला एक खणखणीत आवाजाचा माणूस बसवा. मागच्या रांगेतल्या आजी-आजोबांना अक्षरं दिसणार नाहीत.